कर्नलचा ओढा

अमेरिका नवी नवी होती ना, तेव्हाची गंमत सांगते. तिथं मत चारचौघांत ओरडून द्यायचे. उमेदवार समोरच बसलेला! आता सांगा, जमीनदार कर्नल हॅथवेच्या तोंडावर दुसऱ्याचं नाव घ्यायची छाती कुणाची?

तरी एझरा पील नावाचा फाटक्या कोटाचा वकील उभा राहिला. हरला तर गावात त्याला कुणी काम देणार नव्हतं.

कर्नल तोडलेल्या झाडाच्या बुंध्यावर चढून गरजला, "लोकहो, वकिलाचा धंदाच खोट्याचं खरं करायचा! असल्याला मत देणार?"

एझरा हसला. "कर्नलसाहेब, तुमच्या शेजारच्या टोबायसशी भांडून बांधावरचा ओढा कोर्टात मीच तुम्हाला जिंकून दिला. तेव्हा पण खोट्याचंच खरं केलं का हो?"

टोबायस गर्दीतून बाह्या सारत पुढं आला. "बोला की कर्नल! ओढा माझाच होता ना?"

कर्नलला घाम फुटला. "छे छे! एझरा एक शब्द खोटा बोलत नाही! सोन्यासारखा माणूस!"

पहिला मतदार टोपी काढून लवला. "साहेबांच्या शब्दाबाहेर आम्ही नाही. माझं मत एझराला!"

मागनं सगळं गाव तेच ओरडलं. कर्नल चिडणार कुणावर?