राजकन्या ऐकत नाही

कस्तुरीच्या तपासणीच्या आदल्या रात्री मला झोप लागली नाही. तपासणीची भीती होतीच, पण जागं ठेवलं ते दोन शब्दांनी. ‘ऐकत नाही.’ वर्षभर आम्ही सगळे तेच म्हणत होतो. मी, तिचे बाबा, सासूबाई. हाक मारली तरी येत नाही, सांगितलेलं करत नाही, पोरगी ऐकतच नाही. शेवटी बालवाडीच्या बाईंनी सांगितलं, "समोर असली की येते हो. पाठमोरी असली की येत नाही. कान दाखवा एकदा."

मी ज्युनियर कॉलेजात जीवशास्त्र शिकवते. फळ्यावर रंगीत खडूनं कान काढते, आतला शंखसुद्धा. घरातल्या कानांकडं बघायचं मला सुचलं नव्हतं.

तपासणीसाठी मूल गाढ झोपलेलं लागतं. कपाळाला आणि कानामागं वायरी चिकटवतात, कानात आवाज सोडतात आणि तो मेंदूपर्यंत पोचतो का ते मशीन बघतं. मूल हललं की सगळं बिघडतं. म्हणून सूचना होती, पहाटे पाचला उठवा, वाटेत झोपू देऊ नका. विट्याहून मिरजेपर्यंत एसटीत मी तिच्या तळव्यांना गुदगुल्या केल्या, चिक्की भरवली, खिडकीतून दिसेल ती म्हैस दाखवली. आणि तपासणीच्या खोलीत वायरी लावल्यावर बाईसाहेब टक्क जाग्या.

"साडेबारा झाले," मशीनवरच्या नदाफ मॅडम म्हणाल्या. "एकपर्यंत झोपली तर करू. नाहीतर पुढची तारीख दीड महिन्यानं मिळंल बघा."

"गोष्ट सांग," कस्तुरी म्हणाली.

गोष्टी सासूबाई सांगतात. त्यांच्या गोष्टीत राक्षस असतो. माझ्या गोष्टीत फार तर सस्तन प्राणी येतील. पण सासूबाई विट्यात होत्या. मी तिच्या उजव्या कानाशी तोंड नेलं, तो जरा बरा वाटतो, आणि सुरू केलं.

एका राज्यात, बरं का, एक राजकन्या होती. तिचं नाव चांदणी. एके दिवशी राजानं गच्चीवरून हाक मारली, चांदणी! राजकन्या आली नाही. मग राणीनं जिन्यातून हाक मारली. राजकन्या आली नाही. मग आचाऱ्यानं स्वयंपाकघरातून ओरडून सांगितलं, बेसनाचे लाडू झाले! तरी राजकन्या आली नाही. खरं तर इथं राजाला शंका यायला हवी होती. बेसनाच्या लाडवाला कोण येत नाही? पण राजा फार शिकलेला होता, त्याला शंका येत नसे.

राजा म्हणाला, ही ऐकत नाही. हिला जंगलात पाठवा. ज्यांना ऐकता येतं त्यांच्याकडून शिकून येऊ दे.

"एकटीला?" कस्तुरीनं विचारलं.

चार वर्षांची पोर एकटी जंगलात पाठवायला माझा जीव होईना. मग बरोबर आचारी दिला. आचाऱ्याच्या हातात लाडवांचा डबा दिला.

मग चालता चालता त्यांना भेटली धामण. धामण म्हणजे साप, पण चावला तरी विष नसलेला, बरं का. राजकन्या म्हणाली, धामणबाई, तुमचे कान कुठं आहेत? धामण म्हणाली, बाहेर काहीच नाही ग. जे काय आहे ते आत. मी हनुवटी जमिनीला टेकवते. कुणी चाललं की जमीन हलते, जमीन हलली की माझं जबड्याचं हाड हलतं, आणि हाड आतल्या कानाला सांगतं. मगाशी तुम्ही ओढ्यापाशी होता ना, तेव्हाच मला कळलं, एक हलकं माणूस येतंय आणि एक जड. आचाऱ्यानं पोट आत घेतलं. राजकन्येनं विचारलं, मग हाक मारली की तुम्ही जाता का? धामण म्हणाली, आम्हाला कोण हाक मारतंय? बघतात आणि पळतात.

मग राजकन्येनंही हनुवटी जमिनीला टेकवून बघितली.

कस्तुरी सर्रकन पालथी झाली आणि तिनं हनुवटी उशीला टेकवली. कपाळाची वायर निघाली.

"अगं अगं अगं," नदाफ मॅडम उठल्या. "साप काय सांगायलाय ताई तुम्ही? झोपणारं जनावर सांगा की एखादं."

वायर परत लागली. पावणेएक. मी आवाज खाली आणला, मग तिला पोचेल की नाही म्हणून वर नेला, मग परत खाली.

मग पुढं एक डबकं लागलं. डबक्यात नुसता गोंधळ. एक जण डराव करतोय, एक टुकटुक करतोय, एक दार वाजल्यासारखा करकरतोय. काठावर एक बेडकी स्वस्थ बसली होती. राजकन्या म्हणाली, एवढ्या गोंगाटात तुला काय ऐकू येतं? बेडकी म्हणाली, डोळ्यामागं ही गोल चकती दिसतेय का? हा माझा कान. याला आमच्यातल्यांचा टुकटुक तेवढा नीट लागतो. डराववाले कितीही ओरडले तरी मला त्यांचं फारसं काही पोचत नाही. राजकन्येनं विचारलं, मग ते तुला रागवत नाहीत? बेडकी म्हणाली, कशाला रागवतील? त्यांचं ऐकायला त्यांच्यातल्या बसल्यात की.

"लाडू?" कस्तुरीनं विचारलं. शब्द जरा सैल झाला होता.

मग त्यांनी एकेक लाडू खाल्ला. आचाऱ्यानं दोन.

मग ऊन उतरलं आणि एका गुहेतून वटवाघूळ बाहेर पडलं. किडे खाणारं, एवढंसं. राजकन्येभोवती तीन चकरा मारल्या, पण धडकलं नाही. राजकन्या म्हणाली, अंधारात काही दिसत नसताना तू कसा उडतोस? वटवाघूळ म्हणालं, मी ओरडतो. माझा आवाज झाडावर आपटतो आणि परत येतो. तो ऐकला की मला कळतं, इथं फांदी आहे, इथं किडा आहे, इथं आचाऱ्याचं टक्कल आहे. आचारी म्हणाला, काहीतरीच! कधी ओरडलास? गप्पच तर आहेस. वटवाघूळ म्हणालं, आत्ताही मी बेंबीच्या देठापासून ओरडतोय काका. तुमच्या कानाला तो फार बारीक पडतो. त्यात तुमचं काही चुकत नाही.

कस्तुरीची एक पापणी मिटली. दुसरी अजून वाट बघत होती.

मग ती दोघं राजवाड्यात परत आली. दारात गजरा हत्तीण उभी होती. सगळे म्हणायचे, गजरा मुकी आहे, महिन्यातून एकदा चित्कारते, बास. राजकन्येनं जाता जाता तिच्या कपाळावर तळवा ठेवला. तर कपाळ थरथरत होतं. मांजर गुरगुरताना कसं लागतं हाताला, तसं, पण खोल. हत्तीचा आवाज कधीकधी इतका जाड असतो, बरं का, की तो आपल्या कानात शिरतच नाही. पण दोन डोंगरांपलीकडच्या तिच्या बहिणीला तो पोचतो. राजकन्या म्हणाली, गजरा बोलतेय! मग राजा खाली आला. त्यानं कान पुढं केला. इकडून केला, तिकडून केला. आणि म्हणाला, मला तर काही ऐकू येत नाही...

दुसरी पापणी मिटली. नदाफ मॅडमनी ओठांवर बोट ठेवलं. एकला पाच कमी होते.

गोष्ट माझ्या तोंडात तशीच राहिली.

पडद्यावर एक रेघ सरकत होती. मोठा आवाज सोडला की रेघेवर पाच टेकड्या उठायच्या. मॅडम आवाज कमी करत गेल्या तशा टेकड्या बसत गेल्या. मग नुसतं माळरान. कस्तुरीच्या मेंदूला तो आवाज कळलाच नव्हता. आम्ही जिन्यातून, मोरीतून, दुसऱ्या खोलीतून ज्या आवाजात बोलायचो, साधारण तेवढा तो होता. कॉलेजात मी कानापासून मेंदूपर्यंतची हीच वाट मुलांकडून पाठ करून घेतली होती. आज मी ती खालपासून वरपर्यंत बघितली आणि पदर तोंडाला लावला.

पाऊण तासानं मॅडमनी खुर्ची वळवली. "रिपोर्टवर डॉक्टर सही करतील, ते सांगतीलच. पण दोन्ही कानांना कमी येतंय. मध्यम. कानाला मशीन लावलं की वर्गातलं सगळं पोचंल तिला. तोवर लांबून हाका मारू नका, समोर बसून बोला." मग कपाळाची वायर काढता काढता म्हणाल्या, "आणि त्या राजाचं काय झालं हो?"

कस्तुरी उठली तेव्हा गालावर वायरीचा वळ होता. "राजाला आलं का ऐकू?" तिनं विचारलं.

मी फरशीवर बसले, तिला माझं तोंड दिसेल अशी. मग सांगितलं.

राजाला ऐकू आलं नाही. मग राजकन्येनं विचारलं, बाबा, तुम्ही ऐकत नाही? राजा म्हणाला, अगं ऐकतोय, पण मला ऐकू येत नाही! आणि हे बोलला आणि तसाच उभा राहिला. मग खाली बसला, राजकन्येसमोर. म्हणाला, चांदणे, तुलाही असंच होतं का ग? राजकन्या म्हणाली, हो. मग राजानं दवंडी पिटली नाही. घरोघर जाऊन, समोर बसून सांगितलं, की या राज्यात लांबून हाक मारायची नाही. राजकन्येला रागवायचं नाही. तिला ऐकू येत नव्हतं. मग गजराची बहीण डोंगर उतरून भेटायला आली, आचाऱ्यानं नवे लाडू वळले, आणि सगळी सुखानं राहिली. राजाला तेवढं बरेच दिवस वाईट वाटत राहिलं.

नदाफ मॅडम वायरी गुंडाळता गुंडाळता ऐकत होत्या.

कस्तुरीनं माझ्याकडं बघितलं. मग मी तिच्या कानाशी तोंड नेते तसंच तिनं केलं. माझा कान धरला, तोंडाजवळ ओढला आणि म्हणाली,

"आई, कधीकधी ना, मला ऐकू येतं. तरी मी ऐकत नाही."