पानाची रानडुकरीण

मुलांनो, डोंगराच्या कुशीतल्या एका जंगलात एक वानर राहत असे. त्याच्या बोटांत मोठी कला होती. पळसाची वाळलेली पाने दातांनी कातरून तो त्यांची जनावरे बनवी, काड्यांना टोचून मावळतीच्या उन्हात धरी, आणि समोरच्या पांढऱ्या कातळावर त्यांच्या सावल्या चालू लागत, पळू लागत, धडपडू लागत. त्याचा खेळ बघायला सारे जंगल लोटे.

एका वर्षी उन्हाळा फार कडक पडला. जंगलात एकच डोह उरला आणि त्याच्या पाण्यावरून आटलेल्या ओढ्याअलीकडचे प्राणी आणि पलीकडची रानडुकरे यांच्यात लढाई जुंपली. पहिल्याच झटापटीत डुकरांच्या सुळ्यांनी कितीतरी हरणे जायबंदी झाली. डोहावर पहारा द्यायला कोणी धजेना. तेव्हा सेनापती गवा वानराकडे आला आणि म्हणाला, "आपल्या लोकांच्या मनात धडकी भरली आहे. शत्रूचे असे सोंग काढ, की हसून हसून पोट दुखले पाहिजे."

"पण सेनापती, खरी डुकरे काही तशी नाहीत," वानर म्हणाला.

"खरे काय ते मला माहीत आहे. तू हसव!"

वानर विचार करू लागला. त्याच्या ओळखीची एक रानडुकरीण होती. आदल्या वर्षीपर्यंत तो झाडावरून उंबरे पाडी, ती खाली बसून खाई आणि दोघे घटकाभर सुखदुःखाचे बोलत. ती मागचा एक पाय ओढत चाले. पारध्याच्या फाशात अडकलेले आपले पिल्लू सोडवताना तो पाय मोडला होता. वानराला हे सारे ठाऊक होते. पण फाशाची गोष्ट सांगून कोणी हसले नसते. म्हणून त्याने फाशाची गोष्ट गाळली आणि फक्त लंगडी चाल घेतली. त्याची पानाची डुकरीण बेडकाला भिऊन पळे, आपल्याच पायात अडखळून चिखलात पडे आणि फुरफुरत ओरडे, "पाणी द्या हो, पाणी!"

जंगल खदखदून हसले. गव्याने शाबासकी दिली. रोज नवा खेळ होऊ लागला. ससेसुद्धा लंगडत चालून एकमेकांना "पाणी द्या हो!" म्हणू लागले. भीती पळाली, पहारा बसला. पलीकडे पाण्याचा थेंब जाईना. वानराची मान ताठ झाली.

एके दिवशी खेळ रंगात आला असतानाच ओढ्याच्या बाजूने खरीखुरी रानडुकरीण आली. एकटीच होती. मागचा पाय ओढत होती आणि तिच्या पोटाशी एक मलूल पिल्लू कसेबसे चालत होते. ती गव्यापुढे मान खाली घालून म्हणाली, "आमची लढाई तुमच्याशी आहे, मला मान्य आहे. पण हे लेकरू तापले आहे. त्याच्यापुरते पाणी द्या हो."

सारे तिच्या पायाकडे बघू लागले. मग एक ससा फिसकन हसला आणि सारे जंगल हसत सुटले. "अरे, अगदी तश्शीच चालते!" "आता बेडूक आणा कोणीतरी!" हसण्याच्या कल्लोळात तिचे पुढचे शब्द कोणालाच ऐकू आले नाहीत. तिने मान वर करून वानराकडे पाहिले. वानराच्या हातात पानाची डुकरीण तशीच होती. त्याने ती पाठीमागे लपवली. तोंडातून मात्र शब्द काढला नाही. ती वळली आणि पिल्लाला ढुशी देत ओढ्याकडे निघून गेली.

पिल्लू पलीकडच्या काठापर्यंत पोहोचले नाही.

हे कळले तेव्हा वानराला अन्न गोड लागेना. दुसऱ्या दिवशी तो कातळापुढे उभा राहिला आणि म्हणाला, "आज खरी गोष्ट दाखवतो." पानाची डुकरीण फाशाजवळ आली, पिल्लाला ओढू लागली, तिचा पाय मोडला. प्रेक्षक पोट धरून हसले. "हसू नका!" वानर कळवळून ओरडला. "तिचे लेकरू मेले आहे!" त्याचा तो रडवेला आवाज ऐकून तर ते लोळण घेऊ लागले.

वानराने सारी पाने चुरगाळून टाकली आणि तो ओढा ओलांडून गेला. डुकरीण पिल्लाला पुरलेल्या खड्ड्यापाशी बसली होती. "मी तुझी थट्टा केली. मी अपराधी आहे," तो खालमानेने म्हणाला.

तिने खड्ड्यावरची माती नाकाने सारखी केली. मग म्हणाली, "थट्टेचे मला काही वाटले नाही रे. लढाईत कोण कोणाला बरे म्हणते? पण सगळे हसत होते, तेव्हा मी तुझ्याकडे पाहत होते. मला वाटले, 'हिला मी ओळखतो,' एवढे तरी तू म्हणशील."

वानराला वर बघवेना.

तात्पर्य : ज्याला आपण हसण्यावारी नेतो, त्याचे दुःखही मग कोणाला खरे वाटत नाही, आणि एकदा पेटवलेले हसू हसवणाऱ्यालाही विझवता येत नाही.