खोकल्याच्या जागची ओळ

“खोकला यंदा जरा जोरात येऊ द्या. घरात नवी सून आहे, ती कान देऊन ऐकते.”

कुशाबाई नवऱ्याला हे सांगत होती तेव्हा नवी सून भिवरा भिंतीपलीकडे अंबाडीचे दोर भिजवत बसली होती. हे बोलणं आपल्यासाठी नाही, एवढं तिला कळलं. खोकला जोरात कशाला यायला हवा, ते मात्र कळेना. लग्नाला महिनाही झाला नव्हता, आणि विचारणं तिच्या स्वभावात नव्हतं. मामंजींना जुनाट खोकला असणार असं धरून तिनं दुसऱ्या दिवसापासून आलं-तुळस उकळायला घेतली.

ही गोष्ट वाऱ्याला कापडानं अडवत असत त्या काळची. डोंगराच्या पायथ्याला सूतघळ नावाचं गाव होतं. गावाच्या डोक्यावर खिंड होती आणि खिंडीपलीकडे वारा राहत असे. तो आत शिरला की छपरं नेई, उभं पीक झोडपून काढी. एकदा त्यानं म्हैस उचलून नेली, असं म्हणतात. म्हैस आठवड्यानं चालत परत आली, पण पुढं कुणाला जवळ येऊ देईना.

म्हणून दरवर्षी पेरणी उरकली की गाव खिंडीतच माग मांडी, साठ दोरांचा पट विणी आणि तो तिथंच ताणून बांधी. प्रत्येक उभ्या दोराची एक ओळ होती. आधी मंत्र सांगणारा ती म्हणे, मागून गाव म्हणे, मगच तो दोर मागाला चढे.

“पहिला दोर वाटेचा, ताण धर.
दुसरा दोर पाण्याचा, ताण धर.”

या मंत्राला ताणवणी म्हणत. तो सांगायचा मान भिवराच्या सासऱ्याच्या, हैबतीबाबाच्या घराण्याकडे होता. चाळिसावा दोर मुंग्यांचा. बेचाळिसावा चुलीच्या धुराचा. मधल्या एकेचाळिसाव्याला हैबतीबाबा खोकत असे, आणि त्याच्या मागून सगळं गाव खोकत असे. लोकांना वाटे, ताणवणी अशीच आहे. पोरं खेळात ताणवणी म्हणत तीसुद्धा नेमकी तिथंच खोकत.

पण तीन वर्षं पट एकाच जागी फाटत होता, एकेचाळिसाव्या दोराशी. पहिल्या वर्षी मळणी उरकल्यावर फाटला, दुसऱ्या वर्षी कापणीत, गेल्या वर्षी कणसं भरताना. यंदा त्याच्याही आधी फाटला तर दाणाच धरायचा नाही, आणि गावाला उठून जावं लागणार होतं. काही घरांनी भांडी बांधून ठेवली होती. अंबाडीला दोष देऊन झाला, ती वळणाऱ्यांना देऊन झाला. खोकल्याकडं कुणाचं लक्ष गेलं नव्हतं.

हैबतीबाबानं चार दिवस काढा मुकाट्यानं घेतला. पाचव्या दिवशी वाटी खाली ठेवली.

“पोरी, गुणाची आहेस. पण हा खोकला काढ्यानं जायचा नाही. माझ्या बापानं मला ती ओळ शिकवलीच नाही. खोकलाच शिकवला.”

बापाला त्याच्या बापानंही खोकलाच शिकवला होता. ओळ कुठल्या पिढीत गळाली, कोण जाणे. इतकी वर्षं दोरानं खोकल्यावर निभावून नेलं होतं, आता नेईना. भिवरानं हळूच विचारलं की मग नवी का करत नाही. तीही त्यानं करून पाहिली होती, घरात, दार लावून. एक दोर हातात धरून तो म्हणाला, हा सोन्याचा. दोर तटकन तुटला. दोर खोटं नाव घेत नाही, असं म्हणतात.

कुशाबाई दारातच उभी होती. ती म्हणाली, “हे उंबऱ्याबाहेर गेलं तर उद्यापासून पाण्याला तू एकटीच जायचंस. मला तोंड दाखवता यायचं नाही.”

भिवरानं मान डोलावली. तसंही पाणवठ्यावर ती कुणाशी फार बोलत नव्हतीच.

पट मांडायचा दिवस आला. नव्या सुनेनं मागाशी बसून प्रत्येक दोर ओल्या फडक्यानं पुसून द्यायचा, असा गावाचा रिवाज होता. खिंडीपलीकडं वारा येऊन उभा राहिला होता. दिसत नव्हता, पण माणसं आपापली पागोटी धरून बसली होती. चाळीस दोर चढले. भिवरानं एकेचाळिसावा पुसायला घेतला, तर तो तिच्या हातातच उलगडू लागला, एकेक पीळ सुटत. तिनं सासऱ्याकडं पाहिलं. त्यानं खोकायला छाती भरली होती आणि डोळ्यांत पाणी होतं.

ती उठायला लागली तसा कुशाबाईनं मागून तिचा पदर धरला. भिवरानं तो सोडवून घेतला नाही. पदर सासूच्या हातात तसाच राहू देऊन ती उभी राहिली आणि सगळ्या गावासमोर बोलली.

गाव हैबतीबाबाकडं बघू लागलं. मग हैबतीबाबानं भरलेली छाती रिकामी केली आणि तिचे शब्द तिच्या मागून म्हटले. जन्मात पहिल्यांदाच तो दुसऱ्याच्या मागून म्हणत होता. मग गाव म्हणालं. सुटलेले पीळ एकेक करत आवळत गेले आणि दोर आपण होऊन मागावर चढला, असं म्हणतात.

वाऱ्यानं पटाला खांदा लावला, दोन दिवस रेटलं आणि तिसऱ्या दिवशी तो दमून खाली बसला. अजून तो पटाला पाठ टेकून तिथंच बसला आहे, असं म्हणतात. घराण्याला बायका थोडंफार बोलल्या, पण आपापल्या छपराखाली बसून बोलल्या. ताणवणीचा मान हैबतीबाबाकडंच राहिला, एक ओळ सोडून.

ती ओळ भिवराबाईच्या नावाची. सूतघळात आजही पेरणीनंतर खिंडीत माग मांडतात. मुंग्यांचा दोर चढला की सांगणारा थांबतो आणि गावातली सगळ्यांत नवी सून उभी राहते. पदर मागून सासूनं धरायचा असतो. मग सून भिवराबाईचे शब्द म्हणते, त्या दिवशी होते तसेच, काहीही न सुधारता:

“एकेचाळिसावा दोर. याचं नाव आम्ही विसरलो. तरी ताण धर.”