सैल गाठ

शके अठराशे चौऱ्याहत्तरचा चैत्र होता. पानमळ्यात वेली उतरवायचे दिवस. वर्षभर चढलेली वेल खाली घ्यायची, दांडा वळवून मातीत निजवायचा आणि शेंडा पुन्हा शेवरीच्या खोडाला बांधायचा. वळवली की वेल नव्यानं फुटते.

त्या मळ्यात सगुणा बापाबरोबर कामाला यायची. तिला तेरावं लागलं होतं. आई नव्हती. गेल्या वर्षापासून तिच्या पाठीला, मानेच्या जरा खाली, बाक येत होता. आधी कुणाच्या ध्यानात आलं नाही. मग झंपर पाठीवर उचललेलं दिसू लागलं. रात्री पाठ ठणकायची. पळालं की दम कोंडायचा.

"पोक काढून चालू नगंस," बाप दौलू म्हणायचा. त्याला वाटे, पोरीला खोड लागली आहे. सगुणा ताठ व्हायला बघायची. पाठ ऐकत नव्हती.

दौलू वेली बांधण्यात वाकबगार होता. ओल्या लव्हाळ्याची त्याची गाठ नेहमी सैल असायची, कोवळ्या दांड्याला कधी काचायची नाही. पण पोरीचा बाक वाढताना पाहून तो भ्याला. त्यानं शेवरीची एक सरळ काठी तोडली, तिच्या पाठीला लावली आणि लव्हाळ्यानं करकचून बांधली.

"आबा, काचतंय."

"काचू दे. सरळ हुशील."

मळ्याच्या दाराशी सगळे पायताण काढून ठेवत. पानमळ्यात देवळात जावं तसंच जायचं असतं. सगुणा वाकून वहाण काढू शकेना. शेजारची चंपी खिदळली, "आलं बघा बुजगावणं! पाखरं भ्याली गं!" बाया हसल्या. सगुणानं पायानंच वहाण सरकवली आणि आत गेली.

दुपारी सगळे विहिरीकडे भाकरी खायला गेले. काठीमुळं सगुणाला बसवत नव्हतं. ती एकटीच मळ्यात राहिली. आत हिरवागार, गार उजेड होता. पानापानांतून उन्हाचे सोनेरी कवडसे सांडले होते. कोपऱ्यात पांगारा लालभडक फुलला होता. त्याच्या बुंध्याशी एक इवलीशी वेल मान टाकून होती. चंपीनं घाईघाईत आवळून बांधलेली. गाठीखाली दांडा काळा पडला होता, पानं पिवळी झाली होती.

सगुणा गुडघ्यांवर बसली. नखांनी सोडवेना, तेव्हा दातांनी गाठ सोडवली. लव्हाळा तुटला. दुसरा जवळ नव्हता. आबा रागावतील हे तिला ठाऊक होतं. तरी तिनं आपली काठी बांधलेल्या लव्हाळ्याचा एक पदर ओढून काढला आणि वेलीला सैल गाठ मारली.

तोच वेल झळाळली. शेंड्यातून एक बोटभर परी बाहेर आली. पोपटी घागरा, पानाच्या आकाराचे चिमुकले पंख, त्यांच्या शिरांत चंदेरी दव. गळ्यावर मात्र काळा वळ.

"माझा गळा सोडवलास," परी म्हणाली. "मी कुणाचं देणं अंगावर ठेवत नाही. माग."

"माझी पाठ सरळ हुईल?"

"होईल. पण नेम ऐक. बाक मला मिटवता येत नाही, एकाचा दुसऱ्याला देता येतो. तू ज्याचं नाव घेशील त्याच्या पाठीला तो लागेल. पांगाऱ्यावरचं ऊन उतरायच्या आत नाव घे. मग मी थांबू शकत नाही."

विहिरीकडून चंपीचं हसू ऐकू आलं. तिची सरळ पाठ, तिच्यावर झुलणारी वेणी. चंपीचं नाव सगुणाच्या ओठांपर्यंत आलं. मग तिला रात्रीची ठणक आठवली. कुशीवर झोपवत नाही, उताणं झोपवत नाही. तिनं ते नाव गिळलं.

दौलू तिला शोधत आला. सैल झालेली काठी पाहून त्यानं तोंड उघडलं आणि परी पाहून मिटलं. सगुणानं त्याला नेम सांगितला.

"माझं नाव घे," तो लगेच म्हणाला.

"आबा, तुमी शिडीवर चढता. वर बघून बांधता."

"घे म्हणतो ना! तुझा बाप हाय मी." त्याचा आवाज फाटला.

ऊन फुलांवरून सरकत होतं. सगुणा परीला म्हणाली, "मी कुणाचंच नाव घेत न्हाई. हे दुखणं कसं असतं मला ठाऊक हाय. माझं माझ्यापाशी ऱ्हाऊ दे." मग ती बापाकडे वळली. "आबा, माझी गाठ तेवढी सैल करा."

"हे तुझं मागणं का?" परीनं विचारलं.

"न्हाई. हे आबांना सांगतीय."

दौलूनं गाठी सोडल्या. काठीखाली पोरीच्या पाठीवर लाल वळ उठले होते. परीच्या गळ्यावर होता तसेच. तो त्यांवर हात ठेवून उभा राहिला.

"कुणाच्याही नावावर न टाकलेला बाक मला माझ्या अंगावर उचलता येतो," परी म्हणाली.

"तुला दुखंल."

"वेल वळवली की मोडते का गं? तू रोज बघतेस."

तिनं सगुणाच्या पाठीला आपले इवलेसे हात लावले. हिरवा, सोनेरी, पोवळ्यासारखा लाल उजेड मळाभर पसरला. पान न् पान लखलखलं. सगुणानं छातीभर श्वास घेतला. मान न दुखता तिला पांगाऱ्याचा शेंडा दिसला, त्याच्यावरचं निळं आभाळ दिसलं. उजेड विरला तेव्हा परी नव्हती.

थोडासा बाक राहिला. तो पुढं वाढला नाही आणि ठणकला नाही.

बुंध्याशी ती वेल गोल वळून मातीवर निजली होती. वळणावर तांबूस कोंब फुटला होता. दौलू खाली बसला आणि त्यानं त्याला सैल गाठ मारली.

परीचं देणं फिटलं.