बऱ्हाणपुरातली दाढी

“अण्णा, अजून किती वेळ इथेच बसायचं?”

कैवल्यची नुसती चुळबुळ चालली होती. बऱ्हाणपुरात उतरल्यापासून तासभर झाला, आणि दामुअण्णा स्टेशनवरून तडक न्हाव्याच्या दुकानात येऊन बसलेले!

चाळीस वर्षं परक्या शहरांवर माहितीपट काढले या माणसाने. काय ते माहितीपट! कधी न पाहिलेल्या गावाच्या आठवणीने माणसं हळवी व्हायची. पण नव्या शहरात अण्णांचं पहिलं काम एकच. दाढी.

कैवल्यने सहा वर्षं त्यांचा कॅमेरा वाहिला होता. या शहराचा माहितीपट त्याच्या एकट्यावर सोपवायचा की नाही, ते अण्णा आज ठरवणार होते. त्याच्या खिशात बावीस ठिकाणांची यादी तयार होती.

अण्णांनी डोळे मिटून गळा वस्तऱ्याखाली दिला होता.

“समोरची खिडकी दिसते ना, साहेब?” वस्तरा चालवता चालवता रमजानभाई सांगत होते. “तिथं माझी थोरली बहीण...”

“थांबा, थांबा!” कैवल्यने झटकन कॅमेरा काढला. “भाई, हेच पुन्हा बोला. इकडे बघून.”

रमजानभाईंनी घाईने स्वतःचे केस विंचरले. ताठ उभे राहिले.

“आमचं शहर फार ऐतिहासिक आहे...”

झालं! पुढे एक शब्द फुटेना. कैवल्यचे कान तापले. त्याने कॅमेरा खाली घेतला.

अण्णा रागावले नाहीत. तोंड पुसून उठले आणि रिकाम्या खुर्चीकडे बोट दाखवलं.

“मी? अण्णा, दोन वर्षांची दाढी आहे ही! इंटरनेटवर लोक मला हिच्यावरूनच ओळखतात.”

अण्णांचं बोट खुर्चीकडेच.

तो बसला. रागारागानेच बसला. साबण लागला, वस्तरा गळ्यावर आला. आता हूं म्हणायचीही सोय नव्हती.

रमजानभाईंनी वस्तरा पुसला, खिडकीकडे एकदा पाहिलं.

“बहीण लग्न होऊन सुरतेला गेली,” रमजानभाई हळूच म्हणाले. “रोज सकाळी त्या खिडकीतून मला हाक मारायची. ती गेल्यावर महिनाभर मी हा आरसा खिडकीकडेच फिरवून ठेवला होता. गिऱ्हाईक ओरडायचं, तोंड दिसत नाही म्हणून. मी म्हणायचो, आज राहू दे.”

कैवल्यला त्या खिडकीकडे वळून बघायचं होतं. वस्तऱ्याखाली मानही हलवता येईना. कसला माणूस भेटला हा! आणि आपण त्याला ऐतिहासिक शहर बोलायला लावत होतो.

काम संपलं. त्याने आरशात पाहिलं. गुळगुळीत हनुवटी, ओले डोळे. क्षणभर तो स्वतःच दचकला.

“अण्णा... आता मला कुणी ओळखणार नाही.”

अण्णांनी कॅमेऱ्याची पिशवी त्याच्या खांद्याला अडकवली.

“छान. मग जा, भेटून ये शहराला.”