साक्षीदारांची वांगी

"म्हंजे माझ्यावर इस्वासच न्हवता तुमचा?"

"नव्हता," बाबा म्हणाले.

हैबती भोई बघतच राहिला. नदीच्या मळीतली कोवळी वांगी पाटीभर घेऊन माणूस आभार मानायला येतो, पायांवर डोकं ठेवतो, म्हणतो की तुम्ही विश्वास ठेवलात म्हणून जगलो… आणि समोरून हे! कुणी तोंडात मारल्यासारखं झालं त्याला.

बाबा म्हणजे काही जन्माचे साधू नव्हेत. वामनराव जमदग्नी, जिल्ह्याच्या कोर्टातले न्यायाधीश. निवृत्त झाले, मागेपुढे कुणी नव्हतं, ते नदीकाठच्या मठात येऊन राहिले. आडनाव जमदग्नी, पण आवाज म्हणून कधी चढायचा नाही. लोक त्यांच्याकडे एक प्रश्न घेऊन येत आणि दोन घेऊन परत जात.

हैबतीला त्यांनी सोडलं, ते खुर्चीवर होते तेव्हा.

झालं होतं असं. पुराचे दिवस. पैलतीरावर बहीण बाळंतपणात अडलेली, म्हणून भैरू चौगुले हैबतीच्या मागे लागला, होडी काढ. नदी नुसती फुगलेली. हैबती काही केल्या होडी सोडेना. भैरूनं सदरा काढला, उडी टाकली… आणि गेला बिचारा.

काठावर उभ्या असलेल्या तिघांनी पोलिसांना सांगितलं, हैबती त्याला म्हणाला, 'एवढी घाई हाय तर पव्हत जा.'

झालं! भैरूला मरणाच्या तोंडी दिलं म्हणून केस झाली. चार्जशीट आलं. वकिलानं अर्ज दिला, खटला उभा राहण्याआधीच याला सोडा. त्या दिवशी हैबती पिंजऱ्यातून ओरडला होता, "सायेब, मी असं बोललोच न्हाई!" साहेबांनी नुसता हात वर केला. एक शब्द ऐकून घेतला नाही. आणि पुढच्या तारखेला चक्क सोडून दिलं!

बायकोनं गल्लीभर साखर वाटली होती. हैबती तर साहेबांचं नाव घेतल्याशिवाय वल्ह्याला हात लावत नसे.

"ही पाटी उचल," बाबा म्हणाले. "त्या तिघा साक्षीदारांना नेऊन दे. त्यांच्यामुळं सुटलास."

"त्यांच्यामुळं?" हैबतीचं टाळकंच सरकलं. "खोटं बोलली ती तिघं! धादांत खोटं!"

"बोलले असतील."

"मग?"

"मी त्यांचा शब्दन् शब्द खरा धरला."

हैबतीला काही कळेना. मठ, बाबा, वांगी, सगळं तिथंच टाकून निघावं असं त्याच्या मनात आलं. पण पाय निघेना.

"तू त्याला ढकललंस?" बाबांनी विचारलं.

"न्हाई!"

"ते तिघं म्हणाले तसं?"

"…न्हाई."

"भैरूला पोहता येत नव्हतं?"

"छ्या! पंचक्रोशीत त्याच्यावाणी पव्हणारा न्हवता."

"हेही त्यांनीच सांगितलं. म्हणजे सगळं त्यांचंच खरं. मग तू केलंस काय?"

हैबतीनं डोकं खाजवलं. आजवर त्याला हे कुणी विचारलं नव्हतं. त्यानं स्वतःलाही विचारलं नव्हतं.

"होडी सोडली न्हाई," तो सावकाश म्हणाला. "आन्… त्यांच्या म्हणण्याप्रमाणं… वंगाळ बोललो."

"याचा खटला होतो?"

हैबतीनं नकारार्थी मान हलवली. मग त्यानंच विचारलं,

"आन् त्यांनी सांगितलं असतं, ढकललं म्हणून?"

"मग तू घसा फुटेस्तोवर ओरडला असतास तरी खटला चालवला असता."

"खोटं असतं तरी?"

"खोटं आहे का, ते बघायलाच तर खटला असतो."

हैबतीला आता उमगलं. केवढ्या बारीक काठावरून आपण अलीकडे आलो!

"तुझं ऐकायला बसलो असतो," बाबा म्हणाले, "तर त्यांचंही ऐकावं लागलं असतं. मग साक्षी, उलटतपासण्या, तारखा. तू कोर्टाच्या पायरीवर आणि होडी काठाला, दोघंही कुजली असती. मला लोक सांगतच होते, चालवा की साहेब, निर्दोष असेल तर सुटेल शेवटी."

बाबा थांबले.

"…शेवटी."

हैबतीला बायको आठवली. तिच्या गळ्यातली पोत वकिलाकडं जायची राहिली ती याच्यामुळंच. धाकटीचं लग्न ठरलं तेही याच्यामुळंच. खटला चालू असलेल्या घरची पोर कोण करून घेतं? त्यानं पुन्हा वाकून बाबांच्या पायांवर डोकं ठेवलं. या खेपेला बराच वेळ ठेवलं.

"देवमाणूस हाय तुमी," तो म्हणाला. "माझं वाटुळं व्हायचं राहिलं."

पण उठेना. वाकलेला तसाच.

"काय रे?"

"काय न्हाई."

"हैबती…"

"भैरूची आई माझ्या होडीत पाय ठेवत न्हाई, बाबा." त्यानं डोळे पुसले. "गुडघं धरल्यात म्हातारीचं. तरी पार लांबच्या पुलावरनं चालत जाती. मी दिसलो की तोंड फिरवती. तिला वाटतंय मी बोललो तसं… पोलिसांच्या कागदात तसंच. तुमच्या निकालात बी तसंच. सुटलो, उपकार हायती तुमचं, मरेस्तोवर इसरणार न्हाई. पर माझं… माझं कुणी ऐकलंच न्हाई."



खाली कुणीतरी घाटावर धुणं आपटत होतं, तेवढाच आवाज.

मग बाबा बसल्या चौथऱ्यावरून खाली उतरले. गुडघ्यावर हात टेकत टेकत हैबतीच्या समोर, उघड्या फरशीवर मांडी घालून बसले. न्यायाधीश इतका खाली बसलेला हैबतीनं जन्मात पाहिला नव्हता. तो गडबडीनं मागे सरकायला लागला, तर बाबांनी त्याचा हात धरला.

"आता माझ्या हातात काही नाही, हैबती. म्हणून ऐकता येतं," ते म्हणाले. "सांग… त्या दिवशी पाणी कुठवर आलं होतं?"