ठमाईने उचललेली रास

फार फार वर्षांपूर्वीची गोष्ट. नेमकी किती वर्षांपूर्वीची ते विचारू नका. कारवीवाडीत ज्याला विचारावं तो सांगतो, माझ्या पणज्याने ती त्याच्या पणज्याकडून ऐकली होती.

आधी डोंगर समजून घ्या, नाहीतर गोष्ट कळायची नाही. खालून कोकणातून पाहिलं तर डोंगर म्हणजे एक उभी भिंत वाटते. वर चढून गेलं की कळतं, तो एक डोंगर नाहीच. उत्तरेकडून दक्षिणेकडे गेलेली ती लांबच लांब रांग आहे, एका डोंगराला दुसरा लागलेला, दुसऱ्याला तिसरा. रांगेच्या अगदी माथ्यावरून जी अरुंद वाट जाते तिला म्हणतात धार. धारेच्या एका अंगाला पडलेलं पाणी कोकणात उतरून समुद्राला मिळतं, दुसऱ्या अंगाचं देशभर हिंडून पार पूर्वेच्या समुद्राला जातं. आणि या धारेला जागोजागी पश्चिमेकडे सोंडा फुटतात. सोंडेचा माथाही तसाच अरुंद, गवत तेच, कारवी तीच. फरक एवढाच की धार पुढे जात राहते आणि सोंड एकाएकी संपते. तिथून खाली हजार हात कडा. उघडीप असली तर हे लहान पोरालाही दिसतं, धुक्यात मात्र भल्याभल्यांना उमगत नाही.

या धारेजवळ म्हशी राखणारी ठमाई राहायची. तेव्हा ती तरणीताठी होती, पण सगळे तिला ठमाईच म्हणतात, म्हणून आपणही म्हणू. तिचा नवरा बिराजी. त्याला त्या रांगेचं वेड होतं. संध्याकाळी म्हशी बांधून झाल्या की दक्षिणेकडे बघत बसायचा आणि म्हणायचा, "ठमे, एकदा म्हशी तुझ्या भावाकडं सोडू आन् धारेधारेनं निघू. रांग सरंल तिथवर जायाचं."

"आन् दूध कोण काढंल, तुझा मामा?" ती म्हणायची. पण मनातून तिलाही जायचं होतं.

धुक्यात धार कशी ओळखायची ते त्यानेच तिला शिकवलं होतं. वारा कोकणातून येतो. दक्षिणेकडे चालताना तो उजव्या गालावर लागला पाहिजे. तोंडावर लागायला लागला की समजायचं, आपण सोंडेवर शिरलो. शिकवणारा शिकवून गेला आणि स्वतः मात्र चुकला. श्रावणातल्या एका सकाळी वारा पार पडलेला होता, धुकं दाट होतं, आणि हरवलेल्या रेडकाचा आवाज ऐकून बिराजी सोंडेवर धावत गेला. घोंगडी कड्याच्या काठावर सापडली. माणूस सापडला नाही.

ठमाईने सोंडेच्या तोंडाशी, जिथून ती धारेपासून वेगळी होते तिथे, पाच दगड मांडले. आपल्या माणसाची कुठेतरी खूण हवी, एवढंच तिच्या मनात होतं. रोज म्हशी घेऊन जाताना ती त्यावर एक दगड ठेवी.

आता या वाटेची एक रीत होती. धारेवर ठिकठिकाणी दगडांच्या गुडघाभर राशी होत्या, वाट दाखवण्यासाठी रचलेल्या. येणारा-जाणारा प्रत्येक राशीवर एक दगड ठेवून म्हणे, "पाय सांभाळ." कोकणातून मीठ घेऊन येणारे, देशावरून धान्य नेणारे, सगळे ठेवीत. त्यांनी ठमाईच्या राशीवरही ठेवायला सुरुवात केली. राशीला राशीशी वैर नसतं, पण माणसाचा हात मोठ्या राशीकडेच जातो. दहा-बारा वर्षांत ती रास पुरुषभर उंच झाली, आणि धारेवरच्या तेवढ्याच राहिल्या. ठमाईला बरं वाटे. आपल्या माणसाला सगळी वाट मान देते, असं ती म्हणे.

मग माणसं पडू लागली.

आधी एक कुंभार पडला. लोक म्हणाले, दैव. पुढच्या वर्षी मिठाचे दोन ओझेकरी गेले. लोक म्हणाले, सोंडेवर काहीतरी आहे. त्याच्या पुढच्या वर्षी एक नवरा-बायको धुक्यात चालले होते. नवरा गेला, बायको कारवीच्या झुडपाला अडकून वाचली. ठमाईने तिला वर ओढून काढलं, घरी आणलं, कढत दूध पाजलं. दूध पिता पिता ती बाई म्हणाली, "आमी वाट सोडली न्हाई, बाई. रास धरूनच चाललो. येवढी मोठी रास, तीच धार असणार न्हवं का?"

असं म्हणतात, त्या दिवसापासून सात दिवस ठमाईने त्या राशीवर दगड ठेवला नाही.

आठव्या दिवशी ती वाडीच्या कारभाऱ्याकडे, धाकूबाबाकडे गेली. म्हणाली, रास हलवायची. धाकूबाबा दचकला. "अगं, पाय सांभाळ म्हणून देवाला दिल्याला दगूड. त्यो कुणी माघारी घेतं का? हाताला किडं पडत्याल. आन् ती तर तुज्या बिराजीची रास हाय!"

"म्हणूनच मलाच हलवाया पायजे," ती म्हणाली.

मदतीला कुणी आलं नाही. ठमाईने एकटीने सुरुवात केली. दगड तिने कड्यावरून ढकलून दिले नाहीत, कारण प्रत्येकात कुणाचं तरी मागणं होतं. एकेक उचलायचा, छातीशी धरायचा, धारेवर येऊन तिथल्या पुढच्या राशीपर्यंत न्यायचा, नीट बसवायचा, आणि ज्याने कुणी ठेवला असेल त्याच्या वतीने म्हणायचं, "पाय सांभाळ." दसऱ्याला सुरू केलेलं काम होळी आली तरी चालू होतं. असं म्हणतात, मोठाले दगडही तिच्या हातात सुपातल्या भातासारखे हलके होत. मला विचाराल तर ते जडच असणार. तिने ते तरीही नेले.

शेवटी तळाचे पाच दगड राहिले, तिने स्वतः मांडलेले. त्यांना हात लावायला गेली आणि हात पुढे होईना. ती तिथेच बसली. रोज यायची, बसायची, उठून जायची. पाच दगडांनी कोण फसणार आहे, असं मनाची समजूत घालायची. असं करता करता पावसाळा आला.

आणि एका सकाळी ती तशीच बसलेली असताना धुकं उतरलं. त्यातून बैलांच्या घुंगरांचा आवाज आला. कोकणातून वर आलेला मिठाचा तांडा होता, वीस-पंचवीस माणसं, दोन लेकुरवाळ्या बाया. पुढच्या म्हाताऱ्याला पाच दगड दिसले. त्याला हायसं वाटलं. त्याने वाकून सहावा दगड उचलला, त्या पाचांवर ठेवला, "पाय सांभाळ" म्हणाला आणि बैलाचा कासरा धरून सोंडेवर पाऊल टाकलं.

ठमाईने ते पाहिलं. रास पुन्हा सुरू झाली होती.

"थांबा!" ती ओरडली. म्हाताऱ्याच्या आडवी झाली, सहाच्या सहा दगड लुगड्याच्या ओच्यात घेतले आणि रडत रडत म्हणाली, "बिराजी, चल. हितं आता कुणी थांबायचं न्हाय." मग वारा उजव्या गालावर घेऊन ती धारेने चालू लागली आणि मागच्यांना वाट कळावी म्हणून डोंगरात एकमेकांना हाकारताना देतात तसा लांब कुकारा देऊ लागली. तांडा त्या आवाजामागे निघाला. आवाज पुढे, घुंगरं मागे.

धुकं फाटलं तेव्हा तांडा धारेवरच्या मोठ्या राशीपाशी सुखरूप उभा होता. राशीच्या माथ्यावर सहा दगड होते. ठमाई नव्हती. कुकारा मात्र पुढच्या डोंगरावरून येत होता, मग त्याच्या पुढच्या, मग त्याच्याही पुढच्या. असं म्हणतात, त्या दिवशी रांगेवरच्या प्रत्येक वाडीत तो ऐकू आला, आणि दूर दक्षिणेला रांग जिथे सरते तिथल्या गुराख्यांनी सांगितलं, आवाज एकीचा नव्हता, दोघांचा होता. वाडीतले काही जण म्हणतात, छे, ती संध्याकाळी म्हशी पिळायला घरी आली आणि चांगली म्हातारी होऊन गेली. तुम्हाला पटेल ते धरा.

पण एक गोष्ट आजही जाऊन बघता येते. कारवीवाडीजवळच्या धारेवर धुकं असलं की लोक ठमाईच्या नावाने कुकारा देतात. आणि सोंडेच्या तोंडाशी कुणी दगड ठेवून जात नाही. तिथला दगड उचलायचा आणि धारेवरच्या राशीवर नेऊन ठेवायचा, अशी रीत पडली आहे. वाडीत कुणाचं माणूस गेलं, की तेराव्यानंतर घरातलं जवळचं माणूस तिथे जाऊन पाच दगड उचलतं. इतक्या पिढ्यांत तिथे उचलण्यासारखा एकही दगड उरलेला नाही. म्हणून आता लोक घरूनच पाच दगड घेऊन जातात, सोंडेच्या तोंडाशी मांडतात, शेजारी हवं तेवढा वेळ बसतात, आणि मग उचलून धारेवर नेतात.